मारून झाल्यावर

मंगळवारी, मध्यरात्र उलटून गेल्यावर
हेनिंगनं पाताळातल्या राणीला मारलं.
मी त्याच सुमारास खाणीतून वर येत होतो, पाळण्यात उभा,
तोंडात लोखंडाची चव.
घरी आलो तर पोरगं अंधारात बसलेलं.
पडद्यावर नावांची लांबलचक यादी वर सरकतेय
आणि याच्या चेहऱ्यावर आनंदबिनंद काही नाही.
'मेली?'
'मेली.'
'मग?'
'मग काही नाही. आता सगळं मोकळं.
वाट्टेल ते करा.'

वाट्टेल ते करा.
छप्पन्न वर्षांत मला कुणी असं म्हटलेलं नाही.

पहिले तीन दिवस त्यानं एक तळं बादलीनं उपसलं,
मासे तडफडले म्हणून पुन्हा भरलं.
मेंढ्या निळ्या रंगवल्या.
राणीची कवटी खुराड्यावर टांगली,
कोंबड्यांना तिचं सोयरसुतक नाही.
ज्या तलवारीसाठी अख्खा उन्हाळा घालवला
तिनं भोपळे कापले.
खेड्यात जाऊन सांगावं म्हटलं, संकट टळलं,
तर तिथली माणसं नुसती हुंकारतात
आणि एका पाचूला सहा गाजरं देतात.
ती जिवंत होती तेव्हाही हाच भाव होता.

स्टॉकहोमहून त्याच्या आईचा फोन: 'बाहेर पाठव त्याला जरा.'
बाहेर उणे सत्तावीस.

चौथ्या दिवशी नगरपालिकेचं पत्र आलं.
आमचा रस्ता पुढच्या मे महिन्यात.
इकडे उत्तरेत याचं कुणाला नवल नाही.
शहराच्या पायाखालचं लोखंड आम्हीच काढतो,
जमीन खचत येते,
शहर उठून पूर्वेला जाऊन बसतं.
ग्रंथालय गेलं. शेजारच्या लेम्पीबाई गेल्या,
त्यांचे दोन बर्च मुळांसकट ट्रकवर आडवे होऊन गेले.
आमचं घर उचलून नेण्याइतकं मोठं नाही. पाडतील.
पैसे चांगले देतात, खोटं कशाला बोलू.

हेनिंगनं पत्र वाचून घडी घातली.
रात्री पाहतो तर मोजपट्टी घेऊन जिन्यात.
'पायऱ्या तेराच का?'
'आजोबांचं लाकूड संपलं.'
'म्हणून शेवटची एवढी उंच?'
'म्हणून तू लहानपणी तिथंच पडायचास.'
त्यानं ते लिहून घेतलं.

डिसेंबर होता. खिडकीबाहेर सूर्य महिनाभर रजेवर,
पडद्यावर मात्र दर पाव तासाला उजाडायचं
आणि घर तेवढं वर आलेलं असायचं.
आधी चूल, मग तिच्यावरचं काळं छत,
मग माझ्या बापानं तिरकी बसवलेली खिडकी.
मागच्या दारापाशी अडला.
आमचं ते दार खांदा लावल्याशिवाय लागत नाही.
'जमत नाहीये,' म्हणाला,
'इथली सगळी दारं नीट लागतात.'

तळघर खणताना मला हाक मारली.
दगडात तांबूस ठिपके. लोखंड.
एकतीस वर्षांची जीभ, आवरेपर्यंत बोलून गेली:
'चांगली शीर आहे. खाली रुंद होत जाईल.'
'माहीत आहे.'
हातात त्या जगातली सगळ्यात भारी कुदळ होती,
राणीच्याच खजिन्यातली.
त्यानं माझ्याकडे पाहिलं नाही ते बरं केलं.
काढलेला दगड जागेवर बसवला.
शेजारी दुसरा.
वर फळ्या टाकल्या, फळ्यांवर
माझी खुर्ची.

मी काही बोललो नाही. दुसऱ्या दिवशी
नेहमीच्या वेळेला डबा घेऊन खाली गेलो.

आता जवळजवळ झालंय. परसात निळ्या मेंढ्याही आहेत,
त्या आमच्याकडे कधी नव्हत्या, राहू दे म्हटलं.
सुट्टीच्या रात्री दोघं बसून बघतो.
सव्वा वाजता खाली सुरुंग उडतात, रोजचेच,
आणि कपाटातल्या बश्या किणकिणतात.
पडद्यावरच्या कपाटातही बश्या आहेत. मोजून सहा,
एकीचा कंगोरा उडालेला.
त्या गप्प असतात.
'काहीतरी चुकतंय ना?' मी विचारलं.
'हो,' म्हणाला. 'त्याचंच बघतोय.'