पडण्याची रीत

आमच्या विहाराला मूर्ती आली थायलंडहून,
साडेचार फूट, सोनेरी, पोत्यांत आणि तणसात गुंडाळलेली.
वैनगंगेच्या पुलापाशी ट्रक अर्धा दिवस बंद पडलेला.
मूर्तीमागे जीपमधून पाच भन्ते
आणि नागपूरचा एक दुभाषी पोरगा.

चौथे भन्ते उतरले तेव्हा मी हार धरून उभा.
डाव्या भुवईतून कानापर्यंत गेलेला व्रण.
शेजारच्या उद्धव गेडामला म्हणालो,
या माणसाले मी मरताना पाह्यलो गा.
एकदा नाही. सतरा खेपा.

दामाजीच्या आटाचक्कीमागे तेव्हा सीडी लागायची,
दोन रुपये, बसायला आपलं पोतं आपण आणायचं.
हिंदीत भांडणारे थाई.
हिरोचं नाव आज कोणालाच सांगता येणार नाही,
पण छपरावरून, ट्रकवरून, जळत्या नावेवरून
जो खाली यायचा, तो हा.
आम्ही त्याला पडक्या म्हणायचो.

संध्याकाळी बोडीच्या पाळीवर बसलो.
दुपारनंतर ते जेवत नाहीत,
म्हणून बायकोनं बिनदुधाचा चहा पाठवलेला.
दुभाषी मध्ये, एक डोळा मोबाइलवर.

नाव थावोन. धानाच्याच मुलखातले.
बाप औषधं विकणाऱ्या गाडीवर.
गावोगाव पांढरा पडदा, फुकट सिनेमा,
अर्ध्यात दिवे लावून पोटदुखीच्या बाटल्या खपवायच्या,
बाटल्या संपल्या की मग नायिकेची सुटका.
सिनेमाला आवाज नसे. बाप भोंग्यापुढे बसून
नायकाचा काढी, नायिकेचा काढी, म्हशीचाही.
आणि हा बांबू धरून उभा,
वाऱ्यानं पडदा पडू नये म्हणून.

सोळाव्या वर्षी शहर.
तिसऱ्या मजल्यावरून पहिली उडी, खाली पुठ्ठ्याची खोकी.
त्रेसष्ट सिनेमे. बोलायला मिळालं चारांत.
एकात आख्खं वाक्य होतं :
'मालक, गाडी तयार आहे.'
तेही नंतर दुसऱ्याच्या आवाजात भरलं.

मग मणका.
मग खताची जाहिरात, रस्तोरस्ती फलकावर हसणारा चेहरा.
आईनं तेवढा फलक पाह्यला. सिनेमा एकही नाही.
ती गेली. तिच्या पुण्यासाठी तीन महिन्यांचं चीवर घेतलं,
तीन महिने कधीच उलटले,
केस वाढवावेत की नाही हे अजून ठरत नाही.

तुम्ही काय करता, त्यांनी विचारलं.
भन्तेजी, मी शालिक खोब्रागडे,
दिवाळी ते होळी झाडीपट्टीत नाटक, एरवी गवंडीकाम.
वडशाच्या कंपनीत बावीस वर्षं.
दुसऱ्या अंकात मरतो.
पोरानं काय भाषांतर केलं कोण जाणे,
ते बराच वेळ माझा हात हातात घेऊन बसले.

मग उलगडा झाला. पोट धरून हसले.
एकदा पडून दाखवा न जी, म्हणालो.
नाही. चीवरात खेळ चालत नाही.
पण काडीनं मातीत रेघा ओढून सांगितलं :
आधी खांदा.
हात टेकायचा नाही, हात टेकला की जगायची इच्छा दिसते.
हनुवटी आत. श्वास वरच सोडून यायचा.
आणि पडल्यावर लगेच डोळे मिटू नका,
लोकांना थोडं बघून घ्या.

मंडईच्या रात्री पळसगावात प्रयोग.
कापलेल्या बांध्यांत माणूसच माणूस, अंगावर चादरी.
दीड वाजता सावकाराच्या पोरानं गोळी घातली.
आधी खांदा.
श्वास मी खरंच वर सोडून आलो.
डोळे उघडे :
पहिल्या रांगेत एक बाई
लेकराला शाल पांघरता पांघरता थांबलेली,
शाल तशीच हातात.
ऑर्गनवाला सूर विसरलेला.
इतकी शांतता मला बावीस वर्षांत कोणी दिली नव्हती.

मग मागून, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवरून कोणीतरी ओरडलं,
वन्स मोअर!
आणि सगळं बांधीभर तेच.

आता आमच्याकडे वन्स मोअर मोडत नाहीत.
उठलो. गुडघे झाडले.
बंदूकवाला पोरगा घाबरून माझ्याकडे बघत होता.
म्हणालो, मार गा.