बरण्या

लुत्सिनाबाई बंद छत्री उंच धरून चालतात,
आम्ही अकराजण त्या लाल टोकामागे,
ग्दान्स्कच्या गोट्यांच्या रस्त्यावर ठेचकाळत.

"हे घर सोळाशे नऊचं," त्या म्हणतात,
आणि आमच्या माना वर गेल्या की हळूच,
"म्हणजे दिसायला.
खरं तर माझ्याहून दोनच वर्षांनी मोठं.
युद्धात इथं नुसता विटांचा ढीग होता."
कुणीतरी हसतं. त्या हसत नाहीत.

पुढे अंबरची दुकानं,
नदीवर सीगलची कचाकचा भांडणं.
एका काकांना शौचालय हवंय,
तेही त्यांना पाठ आहे.

माझी नाडी सुटते. मी मागे राहते.
त्याही थांबतात, छत्री खाली घेऊन,
आणि पाठ नसलेलं बोलतात :

"आई या शहरात आली तेव्हा
तिला एक स्वयंपाकघर मिळालं, आयतं.
फळीवर चिनी मातीच्या बरण्या,
वर जर्मनमध्ये लिहिलेलं : मीठ, साखर, रवा.
गेलेल्या बाईनं झाकणं घट्ट लावली होती.
आईला जर्मन कुठलं यायला,
साखरेच्या बरणीत मीठ भरलं तिनं,
मिठाच्यात साखर.
पुढे कळलं. पण हात बसला होता.
मी अजून चहाला साखर घेते ना,
ती 'मीठ' लिहिलेल्या बरणीतूनच."

त्या बाईचं नाव काय, असं विचारणार होते,
तोवर छत्री वर गेली होती.
"चला, घड्याळाचे टोल चुकतील!"

नाडीची गाठ उलटीच बसली होती.
तशीच निघाले.