हद्द कायम

गुरुबसअप्पा मोजणीदार, मी त्यांचा साखळीवाला.
तेहतीस फुटांची साखळी. एक टोक त्यांच्या हातात,
दुसरं घेऊन मी काट्याकुट्यात, तुरीच्या फडात,
औशापासून तेरणेच्या काठापर्यंत.

विसर्जनाच्या दुसऱ्या पहाटे जमीन हलली
तेव्हा अप्पा तालुक्याला होते आणि त्यांचं घर गावात.
एवढंच सांगतो. बाकीचं ते स्वतःही कधी बोलले नाहीत.

नव्या गावठाणाचे प्लॉट पाडताना
दुपारच्या भाकरीला, बाभळीखाली,
त्यांनी मला देवांची वाटणी सांगितली.
कुठल्या पोथीत नाही ती.
पिवळ्या फील्डबुकात, शिसपेन्सिलीनं.

मुरमाखाली सगळं कातळ्याचं.
तो आंधळा. माणसं त्याला वजनावरून कळतात;
लेकरू कोणतं आणि पोतं कोणतं
यात त्याची गफलत होते.
त्याच्याही खाली पाझरी. तिची शीव दरसाल खाली सरकते.
बोरच्या गाड्या येतात, चारशे फूट, सहाशे,
नुसता फुफाटा निघतो,
आणि अप्पा म्हणायचे, पाझरी गेली पुढच्या सज्जाला.

छपरापासून घारीच्या घिरट्यांपर्यंत उफाळ.
वावटळ ही त्याची सही, कुणाला न वाचता येणारी.
चंद्रापासून कृत्तिकांच्या पुंजक्यापर्यंत निवळाई,
तिला करडईच्या तेलाची एकच वात चालते,
दोन लावल्या तर तोंड फिरवते.
आणि त्याच्या पल्याड मुका.
त्याला नैवेद्य नाही, नवस नाही.
त्याच्या भागाची मोजणीच झाली नाही भुजंगा,
अप्पा म्हणाले, साखळी पुरली नाही.

कायदा एकच.
कुणी कुणाच्या शिवेत पाय टाकायचा नाही.
पावसासाठी पाझरीला साकडं घालाल
तर अर्ज चुकीच्या कचेरीत पडून राहील,
वर्षानुवर्षं, वर धूळ.

"आन् आपलं?" मी विचारलं.
अप्पांनी हातातला तुकडा खाली ठेवला.
टाचेपासून वर केलेल्या हाताच्या बोटांपर्यंत
तेवढी पट्टी उरली, म्हणाले.
बेरीज जुळेना म्हणून उरली. कुणाच्याच नावावर नाही.
आपण तिच्यात बिनसातबाऱ्याचे.

मग एका अवसेला, जुन्या गावात,
जिथं ढिगाऱ्यांवर आता येडी बाभळ माजलीय,
त्यांनी कातळ्यावर पंचनामा लिहिला.
पहाटे तीन छप्पन्नला, नोटीस न देता, हद्द ओलांडली.
नुकसानीच्या रकान्यात चार नावं.
शेवटचं नुसतंच 'छकुली',
बारसं व्हायचं होतं अजून.
पंच म्हणून मी अंगठा दिला.
समोरच्याची सही घ्यायला
अप्पा जमिनीवर पालथे झाले, कान लावून,
पडून राहिले किती तरी वेळ.
मी कंदील धरून उभा.
काय करायचं माणसानं अशा वेळी?
उठले तेव्हा कानात माती होती.
"गैरहजर," त्यांनी शेरा मारला. "पुढची तारीख."

तारखा खूप झाल्या.
सात वर्षांमागं अप्पांना बसवून पुरलं, त्यांच्या रीतीप्रमाणं,
विभूती, बेलाची पानं, सगळं नीट.
माती लोटायच्या आधी माझ्या ध्यानात आलं,
ही तर कातळ्याची हद्द.
गुपचूप फील्डबुक ठेवलं त्यांच्या मांडीवर.
सुनावणीला लागेल.

या धर्मात आता मी एकटा.
साखळी गंजली, नातवानं तिनं म्हैस बांधलीय.
रात्री लघवीला उठतो
तेव्हा खाटेवरून पाय सोडताना अजून थांबतो,
आधी नुसता अंगठा टेकवतो.
येऊ का, म्हणतो.

गोठ्यात म्हैस मान हलवते.
साखळी वाजते.