घट

भांडुपच्या खाजणात, हायवेच्या पलीकडे,
माझ्या सासऱ्याने जिथे मीठ पिकवलं
तिथे आता आम्ही न घडलेलं पिकवतो.

रीत तीच.
अमावास्येच्या उधाणाला खाडीचं दार उघडायचं,
पाणी आत घ्यायचं, बांध घालायचा, थांबायचं.
फरक एवढाच, की दाराच्या चौकटीत महामंडळाने
तांब्याची जाळी बसवलीय
आणि तिच्यातून येणारं पाणी
इथल्या समुद्राचं नसतं.
अकरा दिवसांच्या उन्हात ते आटतं.
तळाशी राहतात करडे दाणे.
जिभेला लावायला सक्त मनाई.

एका दाण्यात साधारण तासभर.
कुणाचा, ते विचारायचं नसतं.
ज्या मुंबईत सात बेटं कधी जोडलीच नाहीत,
माहीमहून परळला अजून होडीने जावं लागतं,
तिथला तास जड भरतो, पोतं ओलं करतो.
आणि जिथे फक्त कालचा चहा
कुणी प्यायचा राहिला,
तिथला फुंकरीने उडतो.

मी मापाडी. हसुराम म्हणतात.
माल कुठे जातो ते वहीत असतं.
परळच्या एका इस्पितळात चिमूटभर:
सर्जनच्या हाताला चुकलेलं ऑपरेशन आधीच आठवतं.
वांद्र्याच्या विमा कंपनीला पोत्यांनी.
मुलुंडच्या क्लासवाल्याला,
त्याची पोरं एकदाच बसून पेपर दोनदा देतात.
आणि सातरस्त्याच्या मालिनीबाईंना दरमहा पाव किलो.
कशाला, ते त्यांनी सांगितलं नाही,
पिशवी मात्र दोन्ही हातांनी धरतात.

साहेबांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं,
"तिकडे कुणाचं काही जात नाही."
मी मान डोलावली.
मापाड्याला मान डोलवायचाच पगार असतो.

मग गेल्या वर्षी जाना वाल सोलता सोलता म्हणाली,
"तानसाच्या पाइपावर बसून आपण जांभळं खाल्लेली.
तुमचा सदरा रंगला. आणि तुम्ही गायलात.
आठवतं?"

मला ती सकाळ आठवते. पाइप आठवतो, तापलेला.
रात्री सदऱ्यावर डाग होता, कशाचा ते कळेना,
लिंबाने घासला.
मधे काहीच नाही.
फळी ओढून साफ केलेला वाफा असावा
तसं.

"मी गातच नाही," मी म्हणालो.
"त्या दिवशी गायलात," ती म्हणाली
आणि वाल सोलत राहिली.

म्हणजे कुठल्या तरी भांडुपात असंच एक दार आहे.
तिथे कुणी तरी माझी दुपार काट्यावर घातली,
आकडा लिहिला, पोतं शिवलं.
किती भरली असेल?
मालिनीबाईंसारख्या कुणी नेली असेल तर हरकत नाही.
क्लासवाल्याने नेली असेल
तर मात्र राग येईल.

घट शंभराला दोन मान्य आहे.
दमट हवा, वारा, उंदीर.
पूर्वी मी पाऊण लिहायचो, प्रामाणिकपणाचं कौतुक व्हायचं.
आता पूर्ण दोन लिहितो.
दिवेलागणीला गोमीबाई फावडं धुते, इकडे बघत नाही.
तिचं न बघणं मला समजतं.
ओहोटी लागली की दारापाशी उकिडवा बसतो
आणि जाळीतून मुठी परत सोडतो.
पोचतात, की चिखलातल्या निवट्या खातात,
कोण सांगणार.
परवा एक निवटी बांधावर चढून
तोंड उघडं ठेवून बसली होती बराच वेळ,
कुणाचं तरी नाव ओठांवर येऊन अडल्यासारखी.

जाना म्हणते, हल्ली आंघोळ करताना
तुम्ही काहीतरी गुणगुणता.
मी कान देऊन ऐकलं, स्वतःलाच.
चाल ओळखीची नाही.
अर्धीच आहे, पुढची ओळ येत नाही.

वहीत आवक आहे, जावक आहे, घट आहे.
परत आलेल्याचा रकाना नाही.
काल शाईने एक रेघ ओढून ठेवली,
शेवटच्या पानावर, उजवीकडे.
वर नाव अजून घातलेलं नाही.