उसना योद

लिव्होर्नोच्या बंदरामागे, दोरखंडांच्या गोदामाला लागून
आमचा छापखाना. सकाळी डांबराचा वास,
दुपारनंतर शाईचा.
मी डायमंटे, जुळारी साबातो पेस्काची धाकटी.
बाबांची नजर मंदावली तशी
खिळे माझ्या बोटांकडे आले.
कुणी दिले असं नाही.

त्या वर्षी पुस्तक अनंताचं होतं.
त्याला नाव नाही, म्हणून एन सोफ म्हणायचं;
म्हणजे अंत नाही, एवढंच.
आणि त्याच्यातून पाझरणारे दहा प्रकाश,
चौकातल्या कारंज्यात
वरच्या परातीतून खालच्या परातीत
धार उतरते, तसे.
दहावी मलखूत. तिच्यापाशी स्वतःचं काहीच नाही,
जे येतं ते वरून येतं.
(कागद, मी मनात म्हटलं. बाबांना सांगितलं नाही.)

बाबा म्हणत, आधी सगळीकडे तोच तो.
जगाला पाय टेकायला जागा नव्हती.
मग त्यानं अंग चोरलं.

हे मला समजवावं लागलं नाही.
दोन शब्दांमध्ये तुम्हाला जे रिकामं दिसतं
तिथंही शिसंच असतं,
अक्षरांहून बुटकं, मान खाली घातलेलं,
शाई अंगाला लागू न देणारं.
ते ताठ उभं राहिलं असतं
तर पान नुसतं काळं.

दहा वर्तुळांचा ठसा नासपतीच्या लाकडाचा.
ठशात सगळं उलटं.
कागदावर उजवीकडे हेसेद, सैल हाताची माया,
डावीकडे गेवुरा, हात आखडणारा न्याय.
माझी माया जन्मभर डावीकडेच राहिली.
मासळीबाजारात कुणी मापात मारलं
तर कुठला हात पुढं करायचा
हे मला क्षणभर कळत नसे.

किस्लेव महिना, शुक्रवार,
शब्बाथ लागायला अर्धा तास.
योमतोव, अकरा वर्षांचा, बोटं थंडीनं फुटलेली,
फर्मा उचलायला गेला
आणि सबंध पान जमिनीवर.
त्याच पानावर होतं
की प्रकाश पेलवला नाही म्हणून भांडी फुटली,
ठिणग्या खाली सांडल्या,
त्या वेचायला माणूस.

योमतोव हुंदके देत खाली वाकला.
बाबांनी त्याचं मनगट धरलं.
"आता नाही. उद्या, तीन तारे दिसल्यावर."
एक अख्खा दिवस आम्ही
जिन्याखालची अक्षरं ओलांडत
सिनेगॉगला गेलो, परत आलो, जेवलो, डुलक्या काढल्या.
मोडलेलं मोडलेलंच राहिलं
आणि त्यावर ऊन सरकत गेलं.
एवढी जड विश्रांती मी पुन्हा घेतली नाही.

मग तीन रात्री वेचणं. लामेद खुरमोडीत अडकलेला,
दोन मेम बाबांच्या चपलेखाली.
एक योद मिळालाच नाही.
सगळ्यांत लहान अक्षर, स्वल्पविरामाएवढं,
आणि खण रिकामा, बाकीचे योद उभ्या पानांत गुंतलेले.
मी प्रार्थनापुस्तकाच्या झिजक्या खिळ्यांतला एक घेतला.
तो जरा वाकडा बसला.
छापलं.

सोळा वर्षांनी ट्यूनिसहून पत्र.
हाखाम फ्राजी यांनी त्या योदवर
सात ताव भाष्य लिहिलं होतं:
बिंदूएवढं शहाणपण खालच्या शब्दाकडे कसं झुकतं,
देणारा घेणाऱ्यापुढं कसा वाकतो.
मी बरोबर वाचलं ना, त्यांनी विचारलं होतं.

बाबा तेव्हा नव्हते.
मी दोन रात्री भाष्य वाचलं, चांगलं होतं.
मग खरं तेच लिहिलं: तो योद उसना आहे, हाखाम.
पत्र मिठाच्या गलबतानं गेलं.
उत्तर आलं नाही,
किंवा यायचं आहे.

हरवलेला इथंच असणार, फरशीच्या कुठल्या तरी फटीत.
जिन्याखाली झाडताना
मी केरसुणी हलकी धरते.