थोल

हिरवं सफरचंद खाल्लं की जिभेची चिकचिक थांबते,
म्हणून हेस्टर रोज एक घेऊन उतरते
लीड्समधल्या त्या तळघरात.
भिंतींना स्पंज. काचेपलीकडे डर्मट.
दिवसाला चाळीस शब्द, प्रत्येक तीनदा,
हल्ली फारसं कुणी बोलत नाही असे.
शब्दकोशात शब्दाशेजारी छोटा कर्णा असतो ना,
त्याला बोट लावलं की बोलते
ती ही बाई.

आज यादीत बोटीचे शब्द.
फोक्सल. लिहिताना त्यात अख्खा किल्ला,
म्हणताना एक चिराही उरत नाही.
रोक. समुद्रावरून गावात चढणारं धुकं.
गनल. बोटीचा वरचा काठ.
सात अक्षरं, पैकी तीन बुडीत.

नऊ वर्षांची असताना तिनं वाचनालयाच्या पुस्तकातून
हाच शब्द बापाला वाचून दाखवला होता: गन-व्हेल.
जाळं सांधायचं थांबवून तो म्हणाला,
बंदूक कळली, पोरी. देवमासा कुठंय?
मग पुस्तक हातात घेतलं.
जन्मभर तळहाताखाली ओला असलेला शब्द
पहिल्यांदाच छापलेला बघत होता.
एवढी अक्षरं कशाला, म्हणाला,
बोटीला ओझं होतं.

पुढचा.
थोल. नाम. काठावरची खुंटी,
जिच्या आधारानं वल्हं फिरतं.
हा तर माहितीचा. तीनदा म्हणून झाला.

खाली आणखी एक ओळ.
थोल. क्रियापद. उत्तरेकडचं, जुनं.
सोसणं. निभावणं.

डर्मट म्हणतो, उच्चार तोच आहे, पुढं जाऊ.

झटक्यानंतर बापाकडे चारपाच शब्द उरले होते.
स्कारबराच्या त्या शुश्रूषागृहात जोडी नावाची नर्स
रोज सकाळी विचारायची, कसं काय, मिस्टर स्टोर?
थोल, तो म्हणायचा.
ती टॉवेल आणून द्यायची.
तोही घ्यायचा, सभ्य माणूस,
कोरडं तोंड पुसायचा,
घडी घालून परत द्यायचा.
हेस्टरनं फोनवर विचारलं होतं,
खोलीत फार उकडतं का हो?
सात आठवडे.

नको, पुढं नको, ती काचेला म्हणते,
हा वेगळा घे.

थोल.
थोल.

तिसऱ्यांदा डर्मट हात वर करतो.
मागे काहीतरी आलं, म्हणतो. श्वास असेल.

सफरचंद अर्धं उरलंय, कडा तांबूस.
ती एक घास घेते.
सावकाश चावते.