रक्ताची कृती

दोन बाटल्या मक्याचा पाक,
तांबडा रंग, निळ्याचे दोनच थेंब
आणि चमचाभर कोको.
कोको विसरलात तर रक्त कॅमेऱ्यात
लग्नातल्या सरबतासारखं दिसतं,
डेल्मार मामा सांगायचा.
मला ही कृती पाढ्यांच्या आधी पाठ झाली.

टोलीडोच्या वेशीवर त्याचं कार्पेटचं दुकान.
आठवडाभर तो लोकांच्या जिन्यांची मापं घेई,
शुक्रवारी शटर पडलं
की गुंडाळ्यांतून प्रेतं निघत.

सातव्या वर्षी मी तळघरात मेले.
तीन रात्री मेले,
कारण पहिल्या दोन रात्री मला हसू आवरलं नाही.
मानधन एक पिझ्झा, आणि वर्गात दरारा.
पाक केसांत वाळून दगड झाला.
आईनं कात्री चालवली
आणि सख्ख्या भावाशी ईस्टरपर्यंत अबोला धरला.

आर्लो प्रुइट प्लंबर होता.
अकरा सिनेमांत अकरा वेळा मेला:
कुऱ्हाडीनं, विहिरीत,
एकदा मका कापायच्या यंत्रात.
यंत्र उसनं, चारच्या आत परत द्यायचं,
म्हणून ते मरण जरा उरकल्यासारखं झालंय.
एरवी मामा ओरडायचा,
"सावकाश मर रे, रिळात अजून चाळीस सेकंद आहेत!"
आणि आर्लो पुरवून पुरवून मरायचा.

घर दुसऱ्यांदा गहाण पडलं तेव्हा मामी गेली.
कॅमेऱ्याला तिनं हात लावला नाही,
फ्रीज नेला,
आतल्या रक्तासकट.

एका पेपरानं एकदाच दखल घेतली:
"अंधार चांगला जमलाय."
कात्रण अजून त्याच्या पाकिटात आहे.
अंधार फुकट मिळायचा,
मामानं त्यात कधी काटकसर केली नाही.

मग एका नोव्हेंबरात आर्लो
कुणाच्या तरी सिंकखाली, हातात पाना धरून,
एकही सूचना न घेता गेला.

शवपेटीपाशी मामा बराच वेळ उभा.
"गालांना गुलाबी फार लावलंय," एवढंच पुटपुटला.
मी शेजारीच होते. त्याचे ओठ हलत होते.
प्रार्थना नव्हे, तो आकडे मोजत होता.
चाळीस झाले. पन्नास झाले.
मामा "कट" म्हणेना.
मागे रांग खोळंबली होती.

पुढे कुठल्याशा कॉलेजच्या पोरांनी
त्याचे जुने सिनेमे दाखवले. साठ खुर्च्या, भरलेल्या.
रबरी हाताला हसले, वटवाघळाच्या दोरीला हसले,
मामाही हसला, सगळ्यांत मोठ्यानं.
विहिरीचा प्रसंग आला
तसा पॉपकॉर्न आणायला उठला
आणि आलाच नाही.

परवा फोन. वय अठ्ठ्याहत्तर.
"तुझं तळघर रिकामं आहे ना गं?"
म्हटलं, आहे. कोकोही आहे.
पण मरायचं कुणी?

पलीकडून बराच वेळ
कार्पेट कापायची कात्री
वाजत राहिली.